जिथे मी गवत लिहिलं

"बुक पायरीवर ठेव आणि मागं हो."

खोत एवढंच बोलले. मी पीकपाहणीचं बुक ओट्याच्या खालच्या पायरीवर उघडं ठेवलं आणि दोन पावलं मागं सरकलो. आतून त्यांचा गडी तांब्या घेऊन आला. तांब्यात तुळशीची डहाळी होती. त्याने डहाळी बुडवली आणि बुकावर पाणी शिंपडलं. एकदा. मग पुन्हा एकदा.

मी तलाठी होतो. अंगात इस्त्रीचा सदरा, खिशाला पेन. बुक सरकारचं. त्याच्या पहिल्या पानावर सरकारचा शिक्का. ते माझ्या हातचं होतं म्हणून शिंपडून घेतलं जात होतं.

ओट्यावर गावातले पाच-सात जण बसले होते. सगळे भातशेतीवाले, चांगल्या घरचे. त्यातला एक म्हणाला, "आप्पा, जास्त शिंपू नका. पिकं कुजतील बुकातली."

सगळे हसले. खोतही हसले. मीही हसलो. हे लिहायला जड जातं, पण मीही हसलो.

मग खोतांनी बुक उचललं आणि पानं उलटत एका पानावर थांबले. "हा शेरा कोणी लिहिला?"

"मी."

"कोणाला विचारून?"

"जागेवर जाऊन पाहिलं, आप्पासाहेब."

"जागेवर!" ते ओट्यावरच्या माणसांकडे वळले. "ऐकलंत का रे? कोतवालाचा पोर जागेवर गेला होता."

पाण्याने शाई फुटली होती. त्या डोंगराकडच्या सर्व्हे नंबरासमोर, शेऱ्याच्या रकान्यात, मी लिहिलं होतं : कातकऱ्यांच्या झोपड्या, सतरा. आता तिथे निळा डाग होता. खोतांनी डागावर बोट ठेवलं.

"देवाच्या पाण्यानंच पुसलं बघ. आता नीट लिही. गवत."

त्यांनी बुक पायरीवर टाकलं. मी पायरीखाली उकिडवा बसलो, बुक गुडघ्यावर घेतलं आणि लिहिलं. गवत.

तेव्हा आमच्या जिल्ह्याचं नाव कुलाबा होतं. मी पंचविशीत होतो.

इथपर्यंतची हकिकत मी आजवर पुष्कळ ठिकाणी सांगितली आहे. जयंतीच्या सभेत, विहारात, नातवंडांच्या शाळेत. शिंपडलेलं बुक सांगितलं की लोक गप्प होतात. मग मी दोन वर्षं पुढे जातो. त्याच ओट्यावर, त्याच माणसांसमोर, त्याच खोतांनी मला खुर्ची दिली आणि भाऊसाहेब म्हटलं, हे सांगतो. टाळ्या पडतात. त्या खोताच्या ओट्यावर खुर्चीत बसलेला आपला पहिला माणूस, अशी माझी ओळख करून देतात. आता समाजाच्या स्मरणिकेसाठी माझं अनुभवकथन मागितलं आहे. कार्यकर्ता म्हणाला, "बाबा, खुर्चीचा प्रसंग रंगवून लिहा."

ती खुर्ची कशी मिळाली, ते मी कधीच सांगितलेलं नाही. ते आज लिहितो.

कर्जत आणि खालापूर हे दोन तालुके घाटाच्या पायथ्याशी आहेत. खाली उल्हास, पेज, पाताळगंगा. नद्यांच्या दोन्ही अंगांना भाताची खाचरं. खाचरांच्या कडेला गावं, कौलारू, देऊळ-चावडी असलेली. त्या गावांना नकाशात हद्द असते, गावठाण असतं. खाचरं संपली की चढ लागतो. माळ, वरकस जमीन, नाचणी-वरीचे तुकडे, बाकी खडक आणि गवत. त्याच्याही वर घाटाची भिंत. ठाकुरवाडीच्या बाजूला संध्याकाळी उभं राहिलं की आगगाडी धापा टाकत वर चढताना ऐकू येते.

वरच्या अंगाला ठाकरांच्या वाड्या. आणि वर नाही, खाली नाही, अशा मधल्या तुकड्यांवर कातकऱ्यांच्या. त्या नकाशात नव्हत्या. जमीन कोणाच्या तरी नावावर, राहणारा कातकरी. तीन-तीन पिढ्या एकाच जागी राहिलेली माणसं, पण कागदावर तिथे कोणी नाही.

मी तलाठी झालो तेव्हा माझ्या सजेत पाच गावं होती. सजा म्हणजे एका तलाठ्याकडची गावं. वर्षातून पीकपाहणी करायची. कोणत्या नंबरात काय उभं आहे, कोण कसतो, हे बांधावर जाऊन बघायचं आणि बुकात भरायचं. नियम असा. रीत वेगळी. तलाठी ओट्यावर बसायचा, मालक सांगायचा, तलाठी लिहायचा. डोंगराकडचे नंबर तर मागच्या वर्षीचं बघून उतरवायचे. माझ्या आधीचे तलाठी नऊ वर्षांत एकदाही वर चढले नव्हते, हे त्यांनीच मला हसत सांगितलं. "वर काय आहे? गवत. ते काय पळून जातंय?"

पहिल्या वर्षी मी चढलो. नवा होतो. माझा बाप शेजारच्या गावचा कोतवाल. जन्मभर त्याने सरकारची दप्तरं डोक्यावरून वाहिली, दवंड्या पिटल्या, समन्स पोचवली. बुकात काय लिहिलंय ते त्याला कधी वाचता आलं नाही. मला पेन मिळालं होतं. वाटलं, आपण खरं लिहायचं.

वाडी चढाच्या मध्यावर होती. कारवीच्या कुडाची, शेणाने सारवलेली घरं, वर पेंढा. मी दारं मोजली. सतरा. एक पिवळं कुत्रं माझ्यावर तुटून पडलं. एका बाईने त्याला चिपाड फेकून मारलं आणि मला म्हणाली, "भिऊ नको रं. त्याला सदरा नवा दिसला का भुकतो."

ती बुधी. तेव्हा पन्नाशीची असेल. एक पाय लहानपणी मोडला होता तो वाकडाच जुळलेला. हातात काठी. तिने सगळी घरं मला नावानिशी सांगितली. हे सोम्याचं, हे पदीचं, हे चांगोचं. मी वहीत उतरवून घेतलं. तिने विचारलं, "कागुद कसला रं?"

"सरकारचा. तुम्ही इथे राहता ते लिहितोय."

ती हसली. "आमी ऱ्हातो ते सरकारला म्हाईत नाय?"

त्या वहीवरून मी बुकात शेरा लिहिला. तो शेरा ओट्यासमोर कसा पुसला गेला, ते वर सांगितलं.

खोतांना तिथे गवतच का हवं होतं, हेही सांगायला पाहिजे. त्या काळी आमच्या भागातलं गवत मुंबईच्या तबेल्यांना जायचं. पावसाळा संपला की कापणी, मग दाबून गठ्ठे, मग नेरळच्या बाजूने रेल्वेच्या वाघिणीत. पण खोतांचा जीव गवतात नव्हता. कूळकायद्यात त्यांची खालची बरीच खाचरं गेली होती. वरचं जाऊ द्यायचं नव्हतं. ओट्यावर ते एकदा म्हणालेच होते, "गवताला कूळ नसतं. गवतात कोणी राहत नसतं. बुकात गवत असलं की मालक निवांत."

पुढच्या पीकपाहणीला मी वर गेलो नाही. मागचं बघून उतरवलं. गवत.

त्यानंतर सरकारचे कागद यायला लागले. भूमिहीन मजूर जिथे राहतात, ती घराखालची जागा त्यांच्या नावावर करून द्यायची. वाडीला हे कोणी सांगितलं ठाऊक नाही. शाळेतल्या मास्तरांनी असेल. सतरा अंगठ्यांचा एक अर्ज तालुक्याला गेला. तिथून माझ्याकडे हुकूम आला. जागेवर जाऊन पाहा, कोण राहतं ते बघा, पंचनामा करून पाठवा. हुकूम आला तेव्हा भाताची कापणी चालू होती. वाडी भरलेली होती. मी दुसऱ्या दिवशी वर गेलो असतो तर काम झालं असतं.

त्याच संध्याकाळी खोतांचा निरोप आला.

मी गेलो. पायरीशी नेहमीप्रमाणे थांबलो. खोत उठून उभे राहिले.

"या भाऊसाहेब. वर या."

आमच्याकडे तलाठ्याला भाऊसाहेब म्हणतात. चार गावं मला म्हणायची. खोतांनी दोन वर्षांत एकदाही म्हटलं नव्हतं. अरे, नाहीतर कोतवालाच्या. आज भाऊसाहेब. ओट्यावर हाताची सागवानी खुर्ची मांडली होती. मागे बुकातली पिकं कुजतील म्हणालेला माणूस खाली चटईवर बसला होता. त्याने माझ्यासाठी पाय आखडून वाट दिली.

मी बसलो.

त्या बसण्याचं मी खोटं वर्णन करणार नाही. मला फार बरं वाटलं. छाती भरून आली. बाप आठवला. वाटलं, त्याने हे बघायला पाहिजे होतं. घरातल्या कपबशीतून चहा आला. बशीला सोनेरी काठ होता. मी बशीत ओतून न पिता कपानेच प्यालो, साहेबासारखा.

खोत हवापाण्याचं बोलले. मग म्हणाले, "वरच्या नंबराचा हुकूम आलाय म्हणे. घाई कशाला करता? आत्ता तुम्हाला कापणीची कामं. पौषात करा पंचनामा. वाटा वाळतील, चढायलाही सोपं."

"बरं," मी म्हणालो.

"पंच मी देतो दोन. तुम्हाला शोधत फिरायला नको."

"बरं."

एवढंच. त्यांनी मला पाकीट दिलं नाही. दमही दिला नाही. काय लिहायचं, तेसुद्धा सांगितलं नाही. पौष म्हणजे काय हे आमच्या भागातल्या शेंबड्या पोरालाही ठाऊक होतं. दिवाळी झाली की कातकरी कोळशाच्या भट्ट्यांवर जातात. बायकामुलं, कोंबड्या, टोप घेऊन, घाटावर, कुठे कुठे. परत येतात अखितीच्या सुमाराला, पावसाआधी. जाताना घराच्या दारावर बोराटीची काटेरी फांदी आडवी लावतात. ती फांदी म्हणजे त्यांचं कुलूप. मालक आहे, परत येणार आहे, असा तिचा अर्थ.

पौषात वाडी रिकामी असते. खोतांना ठाऊक होतं. मलाही ठाऊक होतं.

पौषात मी चढलो. सोबत खोतांचे दोन पंच. दुपार होती. समोर दिसत होती त्या सोळा दारांवर सोळा बोराट्या. मला एक क्षण वाटलं होतं, खरंच कोणी नसावं. म्हणजे मग लिहिलेलं खोटं ठरणार नाही.

कुत्रं भुंकलं.

शेवटच्या घराच्या सावलीत बुधी बसली होती. काठी टेकत उठली. "आलास? बरं झालं. मला वाटलं इसारलास."

"तू गेली नाहीस?" माझ्या तोंडून निघालं.

"माजा पाय ह्यो असा. भट्टीवर कोन नेनार? मी ऱ्हाते मागं. घरं राखते." तिने दारं दाखवली. "समदी जागच्या जागी हाईत. बघून घे."

ती आत गेली आणि जर्मनच्या तांब्यात पाणी घेऊन आली. चढ चढून माझा घसा कोरडा पडला होता. पंच बघत होते. एक पंच हळूच म्हणाला, "कातकरणीचं पानी हाय, भाऊसाहेब."

मी म्हणालो, "नको. तहान नाही."

ती थोडा वेळ तांब्या धरून उभी राहिली. मग खाली ठेवला.

मी दगडावर बसून पंचनामा लिहिला. ती शेजारी काठीवर हनुवटी टेकून बघत होती. मध्येच म्हणाली, "माजं नाव लिव. बुधी रामा लिव. म्हंजी कोनी व्हतं असं तरी ऱ्हाईल."

लिहून झाल्यावर पंचांना वाचून दाखवायचा नियम होता. मी मोठ्याने वाचला. समक्ष जागेवर पाहणी केली. सदर नंबरात गवत असून काही मोडक्या कुडांचे अवशेष आहेत. वस्ती आढळून आली नाही. कोणीही इसम हजर नव्हता.

तिने शेवटपर्यंत ऐकलं. मग विचारलं, "माजं नाव कवा येनार?"

"तू गप गं," पंच म्हणाला आणि सही करायला वाकला.

मी सही केली. खाली तारीख घातली. परत येताना उतारावर मी पळालो. पंचांना वाटलं, उशीर होतोय म्हणून.

माघात खोतांच्या माणसांनी वाडी जाळली. वाळलेली कारवी, पेंढा. धूर खालच्या गावातून दिसला. गवत पेटलं, असं सगळे म्हणाले. मीही तसंच वर कळवलं. बुधीने कुत्र्यासकट पऱ्ह्याच्या, म्हणजे ओढ्याच्या काठी, जांभळाखाली, आसरा घेतला. वैशाखात माणसं परत आली तर घरांच्या जागी राख होती, आणि राखेभोवती काटेरी तार.

त्यांनी पुन्हा अंगठे उठवले. चौकशी लागली. चौकशीचे साहेब बाहेरून आले होते, तरुण, चष्मेवाले. त्यांचा वाडीवर राग नव्हता, खोतांशी संबंध नव्हता. खरं सांगायला मला याहून बरा माणूस मिळाला नसता.

खोतांच्या वकिलाने माझा पंचनामा वाचला. साहेबांनी वाडीच्या माणसांना विचारलं, "त्या दिवशी तुमच्यातलं कोणी जागेवर होतं का?"

बुधी काठी टेकत पुढे आली. "मी व्हते."

वकील म्हणाला, "पंचनाम्यात तसं नाही."

"मंग ह्यालाच इचारा की." तिने काठीने मला दाखवलं. "ह्यो आल्ता. दगडावर बसला. म्या पानी दिलं, प्याला नाय. माज्या कुत्र्याला ह्यो दिसला, तो भुकला. ह्यालाच मी नाय दिसले?"

खोली हसली. साहेबही हसले, पण लगेच थांबले. त्यांनी चष्मा काढला आणि माझ्याकडे बघितलं. "काय हो तलाठी? ही बाई तिथे होती?"

खोत पहिल्या बाकावर बसले होते. त्यांनी वळून बघितलंही नाही. बघायची त्यांना गरज नव्हती.

मी म्हणालो, "मला दिसली नाही, साहेब."

साहेबांनी लिहून घेतलं. अर्ज फेटाळला गेला.

बाहेर वडाखाली वाडीची माणसं बसली होती. मला त्यांच्यापुढून जायचं होतं. वाटलं शिव्या देतील. कोणी दिली नाही. चांगो नावाचा एक जण नुसता थुंकला, तोही बाजूला. बुधी म्हणाली, "जाऊ दे रं त्याला. त्याला घरी जायाचंय." तिच्या तोंडून मी 'घरी' ऐकलं. तरी मी चालत राहिलो.

त्या रात्री जेवताना बापाने एकच प्रश्न विचारला. बातमी त्याच्यापर्यंत आधीच पोचली होती.

"ती लंगडी व्हती का थितं?"

मी जेवत राहिलो.

बाप ताटावरून उठला. हात धुतला. मग पाठमोरा उभा राहून बोलला. "मी दवंडी घिऊन त्या वाटंनं जायचो. गावात आपल्याला पानी कोन द्यायचं नाय. हिरीवर चढू द्यायचे नाय. त्या वाडीत मला पानी मिळायचं. तिच्या आईनं पाजलंय, तिनं पाजलंय. मी कातकऱ्याचं पानी पिऊन सरकारची नोकरी केली रं. तुला तहान नव्हती?"

त्यानंतर तो आठ वर्षं जगला. आम्ही बोलायचो, पण कामापुरतं.

मला अपमान काय असतो हे ठाऊक नव्हतं असं नाही. म्हणूनच हे जास्त वाईट. ज्याने कधी पायरीखाली बसून पाहिलं नाही, त्याला न कळण्याची सोय असते. मला ती सोय नव्हती. बुकावर पाणी शिंपडलं गेलं तेव्हा काय वाटलं, ते मला आजही आठवतं. तांब्या धरून उभ्या असलेल्या बाईला काय वाटलं असेल, हे मला त्या क्षणी कळलं होतं. कळूनही मी नको म्हणालो. दोन पंचांपुढे मला भाऊसाहेब राहायचं होतं.

पुढे माझी बदली झाली. मग मंडळ अधिकारी झालो. कामात चोख, असा माझा लौकिक होता. गोपनीय अहवाल सगळे चांगले. दर पीकपाहणीला मी बांधावर जायचो, हाताखालच्यांनाही पाठवायचो. लोक म्हणायचे, साहेब कडक आहेत. पण ती एक वाडी सोडून मी सगळीकडे चढलो. ते नंबर पुन्हा माझ्या हाताखाली आले, तेव्हा मी दोन ओळींचा अहवाल वर पाठवू शकलो असतो. माझा पंचनामा खोटा आहे. इतकंच. कागद टेबलावर असायचा, पेन खिशात. नोकरी जाईल, मुलं लहान आहेत, समाजाचं नाव खराब होईल, आपला माणूस खोटा निघाला असं खोतच सांगत फिरतील. कारणं खरी होती. मी त्यांच्यामागे लपलो.

खोत गेले. मुलांनी तो नंबर मुंबईच्या एका माणसाला विकला. आता तिथे आंब्याची बाग आहे, फाटक आहे, राखणदार आहे. वाडीची माणसं पऱ्ह्याच्या काठी, रेल्वेच्या हद्दीजवळ, धरणाखाली अशी विखुरली. जिथे जातील तिथे कोणी तरी विचारतं, जागा कोणाची? बुधी दुसऱ्याच पावसाळ्यात वारली, त्याच जांभळाखाली, प्लास्टिकच्या कागदाखाली. मला हे तेव्हाच कळलं होतं. मी गेलो नव्हतो.

मागच्या महिन्यात भिसेगावातल्या माझ्या घरी एक बाई आली. चाळिशीची, अंगणवाडीत मदतनीस. हातात माझ्या पंचनाम्याची झेरॉक्स. माहितीच्या अधिकारात काढलेली. वाडीच्या मुलांनी जागेसाठी नव्याने दावा केला आहे, आणि समोरचा वकील पुन्हा तोच कागद दाखवतो. तिथे वस्ती नव्हतीच, हे बघा.

"आजोबा, ही सही तुमची का?"

"माझी."

"मी बुधीची नात." ती थांबली. "आई सांगायची, आजी म्हनायची, तो मानूस वाईट नव्हता, घाबरट व्हता. मला खरं कळायचंय. आजी थितं व्हती का नव्हती?"

माझी सून दारात उभी होती. नातू अभ्यास थांबवून बघत होता. भिंतीवर समाजाने दिलेली तीन मानपत्रं. त्यातल्या एकावर खुर्चीचा उल्लेख आहे.

"होती," मी म्हणालो. "तिने स्वतःचं नाव सांगितलं. मी लिहिलं नाही."

त्या बाईने मान हलवली. रडली नाही. आभारही मानले नाहीत. मानायचं कारणही नव्हतं. म्हणाली, "हे लिहून द्याल?"

"देईन."

"कोर्टात बोलाल? लिहून सगळेच देतात."

सून म्हणाली, "अहो बाई, त्यांचं वय बघा."

"माज्या आजीचं वय कुनी बघितलं, ताई?"

ती गेल्यावर घरात भांडण झालं. मुलगा म्हणाला, "आता उकरून काय मिळणार? तुमच्यावरच गुन्हा दाखल होईल. आणि आपल्या लोकांना काय तोंड दाखवायचं? पेपरात येईल, आपल्याच माणसाने आदिवासींना फसवलं. ज्यांना हवंच आहे ते टाळ्या पिटतील."

पिटतील. त्यांना सांगायचं ते मी सांगेनच. पेन माझ्या हातात होतं, ओटा त्यांचा होता. दोन्ही लिहिणार आहे. ओट्याचं नाव घेतो म्हणून माझ्या हाताचा गुन्हा कमी होत नाही. आणि माझा हात दाखवतो म्हणून ओटा सुटत नाही.

स्मरणिकेच्या संपादकांना विनंती : छापायचं तर हे पूर्ण छापा. खुर्चीचा प्रसंग यातून वेगळा काढू नका. नाही छापलंत तरी चालेल, पण मग माझा सत्कारही करू नका. मी येणार नाही. भिंतीवरचं ते मानपत्र मी काल उतरवून परत पाठवलं आहे.

गावाचं नाव, नंबर, खोतांचं पूर्ण नाव, पंचांची नावं इथे दिलेली नाहीत. ती प्रतिज्ञापत्रात आहेत. त्याला मी हाताने काढलेला नकाशा जोडला आहे. पहिल्या वर्षीची वही मी फाडली नव्हती. का ठेवली, कळत नाही. त्यात सतरा घरं आहेत, कोणाचं कुठे, दार कोणत्या दिशेला. सोम्या, पदी, चांगो. वरून शेवटचं, पऱ्ह्याकडे तोंड असलेलं, बुधी रामा.

माझं प्रतिज्ञापत्र करून देणारा वकील म्हणतो, "आजोबा, 'नीट आठवत नाही' असं एक वाक्य घाला. तुमची सुटका होईल."

मला सगळं आठवतं. ते वाक्य मी घातलेलं नाही. सोमवारी तारीख आहे. मी स्वतः जाणार आहे, उभा राहून सांगणार आहे. पंचनामा खोटा आहे, तो मी केला, जाणूनबुजून केला, चौकशीत साहेबांपुढे खोटं बोललो. माझ्यावर कायद्याप्रमाणे जी कारवाई होत असेल ती व्हावी. वयाचा विचार करून मला सोडून देऊ नये, असं मी शेवटच्या कलमात लिहिलं आहे.